दम कुठे लागतो? हार्ट फेल्युअरच्या अभ्यासाची प्रस्तावना

आषाढात तुकोबांची पालखी बारामतीचा मुक्काम आटोपून सणसरच्या वाटेला लागते. वाटेत काटेवाडीला मेंढ्यांचं रिंगण होतं, पुढे बेलवाडीत गोल रिंगण, मग निमगाव केतकी, इंदापूर, आणि सराटीनंतर पालखी सोलापूर जिल्ह्यात शिरते. या वाटेवरच्या औषधोपचाराच्या तंबूत एखादा साठीचा वारकरी येऊन टेकतो आणि म्हणतो, "गेल्या साली इंदापूरपर्यंत काही वाटलं नाही, डॉक्टर. यंदा काटेवाडीलाच धाप लागली." न्यूयॉर्क हार्ट असोसिएशनने १९२८ साली हृदयरोग्यांचे चार वर्ग पाडले. नेहमीच्या कामाने दम लागत नाही तो पहिला, चार पावलांत लागतो तो तिसरा, बसल्याजागी लागतो तो चौथा, आणि मधला राहिला तो दुसरा. जवळजवळ शंभर वर्षं झाली, शेकडो यंत्रं आली, तरी हे वर्ग अजून वापरात आहेत. आमच्या वारकऱ्याने स्वतःचा वर्ग तर सांगितलाच, शिवाय वर्षभरात तो किती घसरला हेही सांगितलं. ते ऐकून तिथेच लिहून घेणारं कोणी असलं की निम्मं निदान झालं.

हे पुस्तक त्या लिहून घेणाऱ्यांसाठी आहे. बारामतीत २०१९ पासून शासकीय वैद्यकीय महाविद्यालय आहे, त्यातल्या विद्यार्थ्यांसाठी; बावड्याच्या किंवा सुप्याच्या आरोग्य केंद्रातल्या डॉक्टरसाठी; भिगवणला नाही तर वालचंदनगरला तीस वर्षं दवाखाना चालवणाऱ्या फॅमिली डॉक्टरसाठी; परिचारिका आणि आशाताईंसाठी; आणि घरात असा रुग्ण सांभाळणाऱ्या सुनेसाठी किंवा मुलासाठीसुद्धा. हृदयरोग म्हटला की पुण्याचं मोठं हॉस्पिटल डोळ्यांपुढे येतं. बारामतीहून ते शंभर किलोमीटरवर, इंदापूरहून सुमारे १४०. हार्ट अटॅकमध्ये ते अंतर जिवावर बेततं हे खरंच. पण हार्ट फेल्युअर हा वर्षानुवर्षं सोबत राहणारा आजार आहे. पुण्यात त्याचे चार-आठ दिवस जातात, बाकीचं सगळं आयुष्य गावात जातं. म्हणून हृदयरोगाच्या या शाखेचं खरं काम तालुक्यात होतं, असं माझं मत आहे आणि सगळ्या पुस्तकाचा रोख तोच आहे.

आधी घोळ मिटवू. अटॅकमध्ये हृदयाला रक्त पुरवणारी नळी अचानक तुंबते. हृदय बंद पडणं, म्हणजे कार्डिॲक अरेस्ट, ही तिसरीच गोष्ट. हार्ट फेल्युअरमध्ये हृदय चालू असतं, पण शरीराला लागेल तेवढं रक्त ते पुढे ढकलू शकत नाही, किंवा ढकलतं ते आतला दाब वाढवूनच. त्यामुळे मागे फुप्फुसात, पोटात, पायात पाणी साचतं. अटॅक येऊन गेलेल्याला पुढे फेल्युअर होऊ शकतं, बरेचदा होतंही. पण अटॅक न येताही फेल्युअर होणारे रुग्ण भरपूर आहेत.

हे पाणी साचतं का, हे नीरा डाव्या कालव्याच्या टेलवरच्या शेतकऱ्याला समजावणं सगळ्यांत सोपं. कालव्याचं आवर्तन सुटतं, वरच्या फाट्यांना पाणी मिळतं, आणि इंदापूर तालुक्यातल्या शेवटच्या चारीपर्यंत पोचेतो धार बारीक होते. टेलचा शेतकरी काय करतो? मिळेल ते पाणी शेततळ्यात अडवतो. मूत्रपिंड नेमकं हेच करतं. हृदयाचा जोर कमी झाला की मूत्रपिंडाला रक्त कमी पोचतं. शरीरात पाण्याचा दुष्काळ पडला असं धरून ते मीठ आणि पाणी अडवायला लागतं. रेनिन, अँजिओटेन्सिन, अल्डोस्टेरॉन ही संप्रेरकं त्या अडवाअडवीची यंत्रणा. वास्तविक दुष्काळ नसतोच. पाणी आहे, फक्त वाहत नाही. अडवलेलं पाणी थकलेल्या हृदयावर आणखी भार टाकतं, रक्त आणखी कमी पोचतं, मूत्रपिंड आणखी अडवतं. आजच्या बहुतेक औषधांचं काम हे चक्र कुठेतरी तोडणं एवढंच आहे. ही आकृती एकदा डोक्यात बसली की पुढची प्रकरणं पाठ करावी लागत नाहीत.

आता प्रकार. इको, म्हणजे हृदयाची सोनोग्राफी, काढून आलेल्या घरात पहिलं वाक्य ऐकू येतं ते "पंपिंग तीस टक्क्यांवर आलंय." ऐकणाऱ्याला वाटतं, सत्तर टक्के हृदय गेलं. तसं नाही. डावा कप्पा भरल्यावर त्यातलं किती रक्त एका ठोक्यात बाहेर जातं, त्याची ही टक्केवारी. धडधाकट माणसातही ती ५५ ते ७० च्या दरम्यानच असते, शंभर कोणाचीच नसते. ही टक्केवारी ४० किंवा त्याखाली असेल तर आकुंचन कमजोर झालेला प्रकार, ५० किंवा त्यावर असूनही फेल्युअर असेल तर दुसरा प्रकार, आणि ४१ ते ४९ हा मधला. मधला वर्ग मला बराचसा कागदावरचाच वाटतो, कारण त्यातले बरेच रुग्ण एका बाजूहून दुसरीकडे जाताना तिथे सापडतात.

दुसऱ्या प्रकाराकडे मात्र लक्ष द्यायला हवं, कारण तो हातातून निसटतो. यात हृदय नीट आकुंचन पावतं, पण कडक झाल्यामुळे नीट सैल होत नाही, भरत नाही. रुग्ण बहुधा वयस्क, बरेचदा बाई, रक्तदाब जुना, शुगर, वजन थोडं जास्त. इकोच्या कागदावर "पंपिंग नॉर्मल" लिहिलेलं असतं, आणि माउली न्हाणीघरापर्यंत गेली तरी धापा टाकत असते. रिपोर्ट नॉर्मल म्हणून तिला "वयोमानाने होतं" असं सांगून परत पाठवलं जातं. हे उत्तर या पुस्तकाच्या वाचकाने देऊ नये.

डावं-उजवं हा भेदही उपयोगाचा आहे. डाव्या बाजूच्या बिघाडाने फुप्फुसात पाणी येतं, दम लागतो. उजव्या बाजूच्या बिघाडाने पाय सुजतात, पोट फुगतं, यकृत मोठं होतं. उजवीचं सर्वांत मोठं कारण डावीच असते, पण आपल्या भागात आणखी एक आहे: धूर. चुलीपुढे चाळीस वर्षं लाकडं, पाचट, गोवऱ्या जाळलेल्या बाईची फुप्फुसं निकामी झालेली असतात आणि त्यांच्यातून रक्त ढकलताना उजवं हृदय थकतं. तिने आयुष्यात विडी ओढलेली नसते. तंबाखूचा इतिहास विचारताना चुलीचाही विचारावा, आणि तंबाखू विचारताना मिश्री विसरू नये, कारण मिश्रीला कोणी तंबाखू समजत नाही.

कारणांच्या बाबतीत पुणे जिल्ह्याने जगाला एक महत्त्वाची गोष्ट शिकवली आहे. पुण्याच्या केईएम रुग्णालयातले डॉ. चित्तरंजन याज्ञिक यांनी १९९३ पासून पुण्याजवळच्या सहा गावांतल्या गर्भवती आणि त्यांच्या मुलांचा पिढ्यान्‌पिढ्या पाठपुरावा केला. इथली बाळं वजनाने हलकी, पण त्यांच्या अंगातल्या चरबीचं प्रमाण तुलनेने जास्त, असं त्यांना दिसलं. २००४ साली त्यांनी आणि इंग्लंडमधल्या जॉन युडकिन यांनी 'द लॅन्सेट'मध्ये स्वतःचाच फोटो छापला. दोघांचा बॉडी मास इंडेक्स सारखा, २२.३. चरबी मात्र युडकिन यांच्या अंगात ९.१ टक्के आणि याज्ञिक यांच्या अंगात २१.२ टक्के. म्हणून समोरचा काटक शेतकरी बघून "याला कसली शुगर" असं म्हणण्यात अर्थ नाही. मधुमेह, रक्तदाब आणि तंबाखू या तिघांनी मिळून हृदयाच्या नळ्या लवकर बिघडवल्या, त्यामुळे आपला हार्ट फेल्युअरचा रुग्णही लवकर येतो. त्रिवेंद्रमच्या हार्ट फेल्युअर नोंदवहीत २०१३ साली १२०५ रुग्ण नोंदले गेले, सरासरी वय ६१. त्यातले सुमारे ३१ टक्के वर्षभरात गेले. नंतरच्या राष्ट्रीय नोंदवहीत ५३ रुग्णालयांतले दहा हजारांवर रुग्ण होते, सरासरी वय साठीच्या आसपास आणि वर्षभरातले मृत्यू सुमारे २२ टक्के. पश्चिमेकडे असा रुग्ण बहुधा सत्तरी ओलांडलेला असतो. आपल्याकडे तो अजून घर चालवत असतो, ट्रॅक्टरचा हप्ता त्याच्या नावावर असतो.

आणि काही रुग्ण तर त्याहूनही कितीतरी तरुण. माळेगाव, सोमेश्वर, भवानीनगरचा छत्रपती, कर्मयोगी, नीरा-भीमा असे साखर कारखाने बारामती आणि इंदापूर या दोन तालुक्यांत आणि त्यांच्या शिवेवर आहेत. दिवाळीच्या सुमाराला बीड आणि नगरकडून ऊसतोड मजूर येतात, कोप्या पडतात, उन्हाळ्याच्या तोंडाशी गावी परततात. दाटीवाटीत राहणाऱ्या लहान मुलांना स्ट्रेप्टोकॉकसमुळे घसा येतो, काहींना त्यातून संधिवाताचा ताप येतो, आणि विशीत झडपा बिघडलेल्या सापडतात. मायट्रल झडप अरुंद झालेली तरुण बाई गरोदरपणात पहिल्यांदा धाप लागून येते, कारण त्या काळात शरीरातलं रक्त वाढलेलं असतं. तिला पेनिसिलिनचं इंजेक्शन दर तीन आठवड्यांनी लागतं. ते भवानीनगरला सुरू झालं आणि मार्चनंतर तोडणीचं जोडपं गावी गेलं, तर पुढचं इंजेक्शन कुठे? त्याचं उत्तर पुस्तकी नाही: तारखा लिहिलेलं कार्ड बाईच्या हातात, आणि मुकादमाच्या फोनवर त्याचा फोटो. बाळंतपणाच्या शेवटच्या महिन्यापासून पुढचे पाच महिने हृदय थकण्याचा एक वेगळा आजारही आहे. "बाळंतिणीला अशक्तपणा असतोच" या वाक्याखाली तो झाकला जातो. वेळेत ओळखला तर यातल्या पुष्कळ बाया पूर्ण बऱ्या होतात.

थायरॉईड, रक्तक्षय, दारू, अनियमित ठोके ही कारणं त्यांच्या त्यांच्या प्रकरणात आहेत. शोधायला सोपी आणि काही तर पूर्ण उलटवता येणारी, म्हणून ती चुकवू नयेत, इतकंच इथे सांगतो.

निदानाची सुरुवात खाटेपाशी होते. दोन उशा लागतात का, रात्री दीडदोनला उठून दाराशी जाऊन बसावं लागतं का, चपलेचा पट्टा संध्याकाळी रुततो का, हे विचारा. नडगीवर अंगठा दहा सेकंद दाबा. काढल्यावर खळगा राहिला तर ती सूज पाण्याची आहे. रुग्णाला पाठ ४५ अंशांत टेकवून मानेची शीर बघा, उजेड तिरका घ्या. विद्यार्थ्यांना ही शीर दिसत नाही अशी सगळीकडे तक्रार आहे; ती घाईत खरंच दिसत नाही. मग ईसीजी, छातीचा एक्स-रे, आणि शक्य तिथे रक्तातली एनटी-प्रोबीएनपी ही तपासणी. हृदयावर ताण आला की ते स्वतःच हे द्रव्य सोडतं. १९८८ साली जपानी शास्त्रज्ञांनी त्याचा मूळ रेणू डुकराच्या मेंदूत शोधला म्हणून नावात 'ब्रेन' चिकटलं. खरा पुरवठा हृदयातून होतो. ती पातळी अगदी कमी असेल तर दमाचं कारण दुसरीकडे शोधावं. इको शेवटी, पण इको हवाच. स्वीडनमधल्या लुंडला एडलर आणि हर्ट्झ यांनी १९५३ साली अल्ट्रासाऊंडने हृदय पहिल्यांदा टिपलं आणि कारण शोधण्याचं काम सोपं झालं.

उपचारांचा इतिहास या शाखेत इतका रंजक आहे की मी त्यावर एक अख्खं प्रकरण खर्ची घातलं आहे. विषांशी याचं जुनं नातं. विल्यम विदरिंगने १७८५ साली फॉक्सग्लोव्ह या विषारी झाडाचा पाण्याच्या सुजेवरचा उपयोग पुस्तकात मांडला. आपल्या कुंपणातल्या कण्हेरीत त्याच जातीचं द्रव्य आहे, म्हणून कण्हेर खाल्लेला रुग्ण ठोके बिघडून येतो. ब्राझीलच्या जरारका सापाच्या विषाचा अभ्यास करताना रक्तदाब उतरवणारं द्रव्य सापडलं आणि त्यातून पुढे कॅप्टोप्रिल तयार झालं. त्याच वर्गातल्या एनालाप्रिलने १९८७ च्या 'कन्सेन्सस' चाचणीत गंभीर रुग्णांचे मृत्यू कमी केले. बीटा ब्लॉकरची गोष्ट तर उलटीच. हृदयाचा वेग आणि जोर कमी करणारं औषध थकल्या हृदयाला देणं म्हणजे अपराध मानला जायचा. गॉथेनबर्गच्या फिन वागस्टाइन यांनी १९७५ साली काही रुग्णांना ते देऊन सुधारणा दाखवली. जगाने ऐकायला १९९९ उजाडलं. आजही ते अगदी थोड्या मात्रेत, सूज उतरल्यावर, हळूहळू वाढवत द्यायचं; पहिल्या दोन-तीन आठवड्यांत रुग्णाला जरा जास्तच थकल्यासारखं वाटतं हे त्याला आधीच सांगायचं, नाहीतर तो ते बंद करून मोकळा होतो.

आज आकुंचन कमजोर झालेल्या रुग्णाला चार गटांची औषधं एकत्र सुरू करण्याकडे कल आहे: एनालाप्रिलच्या वर्गातलं किंवा त्याऐवजी सॅक्युबिट्रिल-व्हल्सार्टन, बीटा ब्लॉकर, स्पायरोनोलॅक्टोनच्या वर्गातलं, आणि डापाग्लिफ्लोझिन किंवा एम्पाग्लिफ्लोझिन. शेवटचा गट मधुमेहासाठी निघाला, पण २०१९ च्या चाचणीत शुगर नसलेल्यांनाही त्याचा फायदा दिसला, आणि २०२१ पासून तो कडक हृदयाच्या प्रकारातही उपयोगी ठरला. गावात यातून एक घोटाळा होतो. मेडिकलवाला चिठ्ठी बघून म्हणतो, "ही तर शुगरची गोळी, तुम्हाला शुगर कुठंय?" आणि गोळी बंद होते. चिठ्ठीवर गोळीपुढे "हृदयासाठी" एवढं मराठीत लिहा. पेटंट संपल्यावर भारतात २०२० मध्ये डापाग्लिफ्लोझिनचे, २०२३ मध्ये सॅक्युबिट्रिल-व्हल्सार्टनचे आणि २०२५ मध्ये एम्पाग्लिफ्लोझिनचे भाव बरेच खाली आले, त्यामुळे "गरिबाला परवडत नाही" ही सबब आता पूर्वीइतकी टिकत नाही. तरीही राष्ट्रीय नोंदवहीत कमजोर आकुंचनाच्या निम्म्याच्या आसपास रुग्णांनाच शिफारस केलेली औषधं मिळत होती. दोष फक्त किमतीचा नाही. पहिली लघवीची गोळी दिली, सूज उतरली, दम थांबला, की सगळ्यांना काम झाल्यासारखं वाटतं. लघवीच्या गोळीने आराम पडतो. आयुष्य वाढवतात त्या बाकीच्या, ज्यांनी रुग्णाला लगेच काहीच जाणवत नाही.

पेसमेकरचे खास प्रकार, शॉक देणारं यंत्र, झडपेच्या शस्त्रक्रिया यांचे निकष पुढे दिले आहेत. हृदयप्रत्यारोपणाबद्दल एवढंच की माणसाकडून माणसाला पहिलं प्रत्यारोपण करणाऱ्या बर्नार्डनंतर दोन-तीन महिन्यांत, फेब्रुवारी १९६८ मध्ये, मुंबईच्या केईएममध्ये डॉ. प्रफुल्लकुमार सेन यांनी ते करून पाहिलं होतं. रुग्ण काही तासच जगला. आज पुण्यात प्रत्यारोपणं होतात, पण रुग्णांच्या मानाने ती मोजकीच.

ज्यांना वाटतं की संशोधन फक्त मोठ्या शहरात होतं, त्यांनी डॉ. हिंमतराव बावस्कर यांचं काम वाचावं. १९७० च्या दशकात महाडजवळ बिरवाडीच्या प्राथमिक आरोग्य केंद्रात लाल विंचू चावलेली मुलं त्यांच्या डोळ्यांदेखत जात होती. घाम, उलट्या, गार पडलेले हातपाय, आणि काही तासांत तोंडाला फेस. रात्र रात्र खाटेशेजारी बसून, नाडी आणि रक्तदाब लिहून ठेवत त्यांनी ताडलं की हा मृत्यू तीव्र हार्ट फेल्युअरचा आहे: विषामुळे शरीरात ॲड्रेनॅलिनसारख्या द्रव्यांचं वादळ उठतं, रक्तवाहिन्या आवळतात, हृदय हरतं आणि फुप्फुसात पाणी भरतं. मग त्यांनी आवळलेल्या वाहिन्या सैल करणारं प्राझोसिन हे रक्तदाबाचं साधं औषध वापरलं आणि मृत्यूंचं प्रमाण एकदम खाली आलं. हे निबंध 'द लॅन्सेट'मध्ये छापून आले. २०२२ साली त्यांना पद्मश्री मिळाली. त्यांच्याकडे तेव्हा इको नव्हता. वही होती.

आपल्याकडेही विचारण्यासारखे प्रश्न पडून आहेत. मे महिन्याच्या उन्हात खुरपणी करणाऱ्या रुग्णाची लघवीची गोळी किती कमी करावी? गुडघेदुखीसाठी सर्रास घेतल्या जाणाऱ्या डायक्लोफेनॅकसारख्या गोळ्या, ज्या मीठ आणि पाणी अडवतात, त्यांमुळे तालुक्यातले किती रुग्ण पुन्हा भरती होतात? सैंधव चालतं असं समजून किती जण तितकंच मीठ खातात? (सैंधवसुद्धा सोडियम क्लोराइडच. आणि 'लो सोडियम' मिठात पोटॅशियम असतं. स्पायरोनोलॅक्टोन घेणाऱ्याने ते विचारल्याशिवाय वापरू नये.) खर्डा, लोणचं, पापड, बेकरीची खारी हे एका भाकरीबरोबर किती ग्रॅम मीठ पोटात घालतात, हे मोजायला प्रयोगशाळा लागत नाही.

पुस्तक क्रमाने वाचलंच पाहिजे असं नाही. दवाखाना चालवणाऱ्यांनी औषधांच्या मात्रांचं प्रकरण आधी वाचावं, घरच्यांनी मिठाचं आणि वजनाचं. एक विनंती मात्र सगळ्यांना आहे. ज्या रुग्णाला हार्ट फेल्युअर आहे त्याच्या घरात वजनकाटा असू द्या. सकाळी लघवीला जाऊन आल्यावर, चहाच्या आधी, रोज वजन लिहू द्या. तीन दिवसांत दोन किलो वाढलं, तर सूज दिसायची वाट न पाहता त्याच दिवशी त्याने डॉक्टरला कळवावं, आणि डॉक्टरने फोन उचलावा.